आधी फाइली वाचवा, मग पेन ड्राइव्ह

पेन ड्राइव्ह बिघडला की दोन वेगळी कामं समोर उभी राहतात. एक म्हणजे आतल्या फाइली बाहेर काढणं, दुसरं म्हणजे तो ड्राइव्ह पुन्हा चालता करणं. घरात काय किंवा दुकानात काय, ही दोन्ही कामं एकच समजली जातात आणि नुकसान तिथेच होतं. ड्राइव्ह दुरुस्त करण्याचा जवळजवळ प्रत्येक उपाय त्याच्यावर काहीतरी नव्याने लिहितो, आणि नवं लिहिलं की त्या जागेवरचं जुनं कायमचं जातं. चार-पाचशे रुपयांची वस्तू वाचते आणि विकत न मिळणारा ऐवज हातचा जातो. आमच्या शाळेच्या अमृतमहोत्सवी स्मरणिकेच्या कामात हे मी जवळून पाहिलं. त्यातून जे शिकलो ते इथे क्रमाने मांडतो आहे, कारण या कामात क्रमालाच सगळं महत्त्व आहे.

स्मरणिकेचं काय झालं

शाळेला पंचाहत्तर वर्षं झाली तेव्हा स्मरणिका काढायचं ठरलं आणि संपादक मंडळात माझं नाव आलं. माजी विद्यार्थ्यांनी कपाटांतले, ट्रंकांतले फोटो आणून दिले. ते स्कॅन करून आम्ही मूळ प्रती लगेच परत केल्या. लेख टाइप करून घेतले, जाहिरातींची पानं लावली. हे सगळं साहित्य एका पेन ड्राइव्हवर होतं आणि तो शाळा, डीटीपी सेंटर आणि छापखाना असा फिरत होता. तालुक्याच्या गावी छपाईची कामं अजूनही बरीचशी अशीच चालतात.

ऑपरेटर दुरुस्त केलेली पानं ड्राइव्हवर उतरवत असताना वीज गेली. यूपीएसच्या बॅटरीने क्षणभरही तग धरला नाही. वीज आल्यावर ड्राइव्ह उघडला खरा, पण फोटोंच्या फोल्डरमध्ये नावांच्या जागी चौकोन, प्रश्नचिन्हं आणि भलत्याच लिप्यांमधली अक्षरं दिसू लागली. फाइलींच्या तारखा अजून न उजाडलेल्या सालांच्या होत्या. ऑपरेटर म्हणाला, “सर, लाइट गेली तेव्हा कॉपी चालू होती, त्यानेच झालं असणार.” त्याचं निदान अचूक होतं.

मंडळातल्या एका सहकाऱ्याने त्याच संध्याकाळी ड्राइव्ह कॉम्प्युटर दुरुस्तीच्या दुकानात नेला. तिथे विंडोजचं ‘स्कॅन अँड फिक्स’ चालवलं गेलं. विचित्र अक्षरं गेली, पण त्यांच्याबरोबर आतले फोल्डरही गेले, आणि ‘फाउंड.०००’ नावाचा एक नवा फोल्डर उगवला. त्यात ‘फाइल००००.सीएचके’, ‘फाइल०००१.सीएचके’ अशा नावांची लांबलचक रांग होती. दुकानदार मनापासून मदत करत होता. तो म्हणाला, “फॉरमॅट मारू, मग सॉफ्टवेअर लावून सगळं रिकव्हर करू.”

तेवढ्यात पुण्यात सर्व्हर सांभाळण्याचं काम करणाऱ्या आमच्या एका माजी विद्यार्थ्याशी फोनवर बोलणं झालं. तो म्हणाला, “सर, आता त्याच्यावर कुणालाच काही लिहू देऊ नका. काढून बाजूला ठेवा, मी येतो.” तो आला, आणि पुढचं सगळं त्याने आमच्यासमोर, प्रत्येक पायरी समजावत केलं.

लेख जवळजवळ सगळे परत मिळाले. फोटोही बरेच मिळाले, पण त्यांची नावं गेली होती. कुठल्या सालची बॅच, कुणी दिलेला फोटो, डावीकडून उभे कोण, हे सगळं आम्ही फाइलींच्या आणि फोल्डरच्या नावांत लिहून ठेवलं होतं. ते पुन्हा जमवण्यासाठी वयस्कर माजी विद्यार्थ्यांकडे फोटो घेऊन पुन्हा जावं लागलं. काही फोटो अर्धेच आले: वर चेहरे, खाली करडा पट्टा. त्यातल्या काहींची मूळ प्रत मधल्या काळात हरवली होती, म्हणून ते स्मरणिकेत आलेच नाहीत. ड्राइव्ह दुकानातल्या त्या स्कॅनच्या आधी हाती आला असता तर फोल्डरची नावं बहुधा वाचली असती, असं तो विद्यार्थी म्हणाला. पुढचं सगळं लिहिण्यामागे हेच वाक्य आहे.

आत नेमकं काय बिघडतं

पेन ड्राइव्हवर फाइली एका ठिकाणी असतात आणि त्यांची नोंद दुसऱ्या ठिकाणी. वाचनालयाच्या नोंदवहीची पानं फाटली तरी कपाटातली पुस्तकं जागेवरच असतात, तसंच इथे घडतं. ‘फॅट३२’ या पद्धतीने फॉरमॅट केलेल्या ड्राइव्हवर या नोंदीच्या तक्त्याच्या सहसा दोन प्रती असतात, पण कॉपी चालू असताना वीज गेली किंवा ड्राइव्ह खेचून काढला की नोंद अर्धवट लिहिलेली राहते आणि तिचा प्रत्यक्ष फाइलींशी मेळ बसत नाही. आमच्याकडे घडलं ते हेच. ‘ड्राइव्ह करप्ट झाला’ असं आपण म्हणतो तेव्हा पुष्कळदा बिघाड या नोंदीतला असतो आणि फाइली जागेवर असतात.

दुसरा प्रकार चिप थकण्याचा. पेन ड्राइव्हमधली ‘नँड’ फ्लॅश स्मृती तोशिबा कंपनीतले जपानी अभियंते फुजिओ मासुओका यांच्या संशोधनातून आली आणि १९८७ मध्ये जगासमोर मांडली गेली. तिच्या सूक्ष्म पेशींमध्ये विद्युतभार अडकवून माहिती साठवली जाते. पेशी पुसून पुन्हा लिहिण्याला मर्यादा असते. एका पेशीत एकच बिट ठेवणाऱ्या चिपांची ही मर्यादा लाखाच्या आसपास मानली जाते, तर एका पेशीत तीन बिट ठेवणाऱ्या आजच्या स्वस्त चिपांची हजार-तीन हजारांच्या घरात. शिवाय ड्राइव्ह वर्षानुवर्षं खणात पडून राहिला तर अडकवलेला भार हळूहळू झिरपतो, आणि उष्णतेत तो अधिक वेगाने झिरपतो. उन्हात उभ्या असलेल्या गाडीत ठेवलेला ड्राइव्ह त्यामुळेच धोक्यात असतो.

तिसरा प्रकार म्हणजे जोड तुटणं किंवा कंट्रोलर मरणं. कंट्रोलर ही दुसरी छोटी चिप. कॉम्प्युटरशी बोलणं, आणि कुठल्या पेशीत काय आहे याचा हिशेब ठेवणं, ही दोन्ही कामं तिची. ती गेली तर साठवलेलं सगळं जागेवर असूनही कॉम्प्युटरला काहीच दिसत नाही.

या तिन्हींवरचे उपाय वेगळे आहेत. म्हणून आधी ओळख पटवायची, आणि तीही ड्राइव्हवर एक अक्षर न लिहिता.

पहिली पायरी: थांबा आणि पाहा

‘ही डिस्क वापरण्याआधी फॉरमॅट करावी लागेल, करायची का?’ अशा अर्थाची इंग्रजी चौकट आली तर ‘कॅन्सल’ दाबा. ती चौकट तुमच्या फाइलींविषयी काहीच सांगत नाही. विंडोजला नोंद वाचता आली नाही, एवढाच तिचा अर्थ. मॅकवर किंवा लिनक्सवर फॉरमॅट केलेला अगदी धडधाकट ड्राइव्ह विंडोजला लावला तरी हीच चौकट येऊ शकते. तेव्हा तो आधी कुठल्या मशीनवर वापरला होता, हे विचारा.

‘स्कॅन अँड फिक्स’ सुचवणारी सूचना आली तरी घाबरू नका. ड्राइव्ह नीट न काढता ओढला गेला की त्याच्यावर तशी खूण राहते आणि विंडोज ती सूचना दाखवतं. फाइली उघडत असतील तर आधी सगळ्या कॉम्प्युटरवर उतरवून घ्या आणि मगच स्कॅन करा. नावं विचित्र दिसत असतील, फोल्डर रिकामे दिसत असतील, तर स्कॅन करूच नका.

यानंतर साध्या तपासण्या करा. ड्राइव्ह दुसऱ्या पोर्टला लावा. डेस्कटॉप असेल तर पुढचं पोर्ट सोडून मागचं, थेट मदरबोर्डवरचं वापरा, कारण पुढच्या पोर्टच्या वायरी कधी सैल असतात किंवा वीज कमी पडते. मध्ये हब असेल तर तो काढा. दुसऱ्या कॉम्प्युटरवर पाहा. अजूनही दिसत नसेल तर विंडोजची कळ आणि एक्स एकत्र दाबून ‘डिस्क मॅनेजमेंट’ उघडा आणि तिथे काय दिसतं ते वाचा.

ड्राइव्ह पूर्ण क्षमतेसह दिसतो आहे, फक्त त्याला अक्षर मिळालेलं नाही, असं असेल तर उजवी कळ दाबून नवं अक्षर द्या. तेवढ्यानेही काम होतं. क्षमता बरोबर आहे पण ‘रॉ’ असं लिहिलेलं आहे, तर नोंद बिघडली आहे आणि फाइली परत मिळण्याची शक्यता चांगली आहे. ‘नो मीडिया’ किंवा शून्य बाइट दिसत असेल, किंवा कंपनीच्या नावाऐवजी अनोळखी नाव येत असेल, तर संशय कंट्रोलरवर जातो. काहीच दिसत नाही, दिवा लागत नाही, किंवा लावल्या लावल्या ड्राइव्ह चटका बसेल इतका तापतो, तर तो लगेच काढा. तिथे सॉफ्टवेअरचं काम संपलं.

‘डिस्क राइट प्रोटेक्टेड आहे’ असा संदेश येत असेल तर आधी बाजूला छोटी कळ आहे का पाहा. काही ड्राइव्हना ती असते. कळ नसेल, तर चिप थकल्यावर कंट्रोलर लिहिणं बंद करतो आणि फक्त वाचू देतो, ही शक्यता धरा. अशा वेळी राइट प्रोटेक्शन काढण्याचे उपाय शोधण्यात वेळ घालवू नका. वाचता येतं आहे तोवर सगळं उतरवून घ्या.

दुसरी पायरी: आख्ख्या ड्राइव्हची प्रत

आमच्या विद्यार्थ्याने पहिलं काम केलं ते इमेज काढण्याचं. इमेज म्हणजे ड्राइव्हच्या पहिल्या बाइटपासून शेवटच्या बाइटपर्यंतची हुबेहूब प्रत, एकाच मोठ्या फाइलच्या रूपात. बिघडलेली नोंद आणि वरून न दिसणाऱ्या फाइली, दोन्ही तिच्यात येतात. एकदा इमेज हाती आली की मूळ ड्राइव्ह काढून डबीत ठेवायचा आणि सगळे प्रयोग इमेजवर करायचे. एखादा प्रयोग फसला तर इमेजची दुसरी प्रत घेऊन पुन्हा सुरुवात करता येते. थेट ड्राइव्हवर काम केलं तर ती सोय उरत नाही.

यासाठी लिनक्सवर ‘जीएनयू डीडीरेस्क्यू’ हा मोफत प्रोग्रॅम उत्तम आहे. तो आधी सहज वाचता येणारा भाग भराभर उतरवतो, अडणाऱ्या जागांची वेगळी नोंद ठेवतो आणि शेवटी त्या जागांकडे पुन्हा वळतो. काम मध्येच थांबलं तरी त्या नोंदीवरून पुढे सुरू करता येतं. थकलेल्या चिपेसाठी हे फार मोलाचं आहे, कारण खराब जागेवर सुरुवातीलाच धडका मारत बसलं तर चांगला भाग वाचायच्या आत ड्राइव्ह मान टाकू शकतो. विंडोजवर ‘टेस्टडिस्क’ या मोफत प्रोग्रॅममध्येही इमेज काढण्याची सोय आहे. कुठलंही साधन वापरलं तरी ‘रीड’ आणि ‘राइट’ या बटणांत गल्लत होणार नाही, आणि निवडलेली डिस्क तीच आहे, हे नीट पाहून घ्या. क्षमतेवरून डिस्क ओळखता येते. लक्षात ठेवा, ३२ जीबीचा ड्राइव्ह विंडोजमध्ये साधारण २९ जीबीचा दिसतो. कंपन्या हजाराच्या पटीत मोजतात आणि विंडोज १०२४ च्या, म्हणून हा फरक पडतो.

जागेचा हिशेब आधीच करा. ३२ जीबीच्या ड्राइव्हची इमेज तेवढीच जागा घेते आणि बाहेर काढलेल्या फाइलींना आणखी तेवढीच लागू शकते.

तिसरी पायरी: फाइली शोधणं

फाइली शोधण्याच्या दोन वाटा आहेत आणि त्या याच क्रमाने चालायच्या. पहिली वाट नोंद सावरण्याची. टेस्टडिस्क हरवलेलं पार्टिशन शोधतो, आणि फॅट३२ ड्राइव्हवर सुरुवातीच्या बूट सेक्टरची जी राखीव प्रत असते तिच्या आधारे नोंद पुन्हा उभी करू शकतो. ही वाट यशस्वी झाली तर फाइली आपापल्या नावांसह आणि फोल्डरांसह मिळतात.

ती साधली नाही तर दुसरी वाट, म्हणजे फाइलींच्या खुणा शोधणं. त्यासाठी टेस्टडिस्कबरोबरच मिळणारा ‘फोटोरेक’ आहे. दोन्ही ख्रिस्तोफ ग्रेनिए या प्रोग्रॅमरने लिहिलेले, मोफत आणि खुले. फोटोरेक नोंदीकडे पाहतच नाही. प्रत्येक प्रकारच्या फाइलची सुरुवात ठरलेली असते. जेपीईजी फोटो ‘एफएफ डी८ एफएफ’ या बाइटांनी सुरू होतो, पीडीएफच्या तोंडाशी टक्क्याचं चिन्ह आणि पुढे पीडीएफ ही अक्षरं असतात. या खुणांवरून तो फाइली उचलतो. या पद्धतीत मूळ नावं परत येत नाहीत. फाइलींना एफ हे अक्षर आणि आकडे अशी नावं मिळतात. ज्या फाइलीचे तुकडे ड्राइव्हवर वेगवेगळ्या जागी पडले आहेत ती बहुधा अर्धीच येते. आमच्या फोटोंमधले करडे पट्टे त्यातूनच आले होते.

बाहेर काढलेल्या फाइली कधीही त्याच ड्राइव्हवर साठवू नका. सापडलेली एक फाइल तिथे लिहिताना न सापडलेल्या दुसरीवर घाला पडतो.

रिकव्हरीचे विकतचे प्रोग्रॅमही आहेत. त्यांची मोफत आवृत्ती बऱ्याचदा फाइली दाखवते आणि साठवायच्या वेळी पैसे मागते. पैसे भरण्याआधी प्रिव्ह्यू उघडून फाइल खरोखर शाबूत आहे का पाहा. नुसती नावांची यादी दिसली म्हणून भरवसा ठेवू नका. आणि क्रॅक केलेली आवृत्ती वापरू नका. तिच्याबरोबर व्हायरस येतात, तेही नेमके मौल्यवान फाइली उघड्यावर असताना.

मराठी कामात आणखी एक अडचण असते. श्रीलिपी, आकृती, कृतिदेव अशा जुन्या, युनिकोड नसलेल्या फॉन्टमध्ये टाइप केलेला मजकूर आत साठताना रोमन अक्षरांच्या आणि चिन्हांच्या संकेतांनी साठतो. त्यामुळे बाहेर काढलेल्या शेकडो निनावी फाइलींमध्ये ‘मुख्याध्यापक’ असा शोध घेतला तर काहीच हाती लागत नाही. एकेक फाइल योग्य फॉन्टमध्ये उघडूनच लेख ओळखावा लागतो. ज्या फाइलींच्या पीडीएफ प्रती होत्या त्या मात्र लगेच वाचता आल्या, कारण पीडीएफमध्ये फॉन्ट सहसा सोबतच बांधलेला असतो. तेव्हा जुन्या फॉन्टमध्ये काम करणाऱ्यांनी प्रत्येक तयार पानाची पीडीएफ आणि फॉन्टची फाइल, दोन्ही जपून ठेवावीत. नवं काम युनिकोडमध्ये केलं तर ही अडचण मुळातच संपते.

चौथी पायरी: आता ड्राइव्हची दुरुस्ती

फाइली दुसरीकडे सुखरूप आहेत आणि उघडून पाहिल्या आहेत, इतकं झालं की मगच ड्राइव्हकडे वळायचं. ‘चेकडिस्क’ हे विंडोजचं जुनं साधन आता बिनधास्त वापरता येतं. ते काय करतं हे समजून घ्या. नोंदीतल्या विसंगती दूर करून ड्राइव्ह सुसंगत करणं हे त्याचं काम, आणि त्यासाठी पटत नसलेल्या नोंदी ते काढून टाकतं. मालक न सापडलेले तुकडे ‘.सीएचके’ फाइली बनून फाउंड फोल्डरमध्ये पडतात. दुरुस्तीची सूचना न देता नुसतं चालवलं तर ते फक्त तपासतं, काही बदलत नाही; दुरुस्ती सांगितली तरच लिहितं. ड्राइव्ह ‘रॉ’ दिसत असेल तर ते चालतच नाही.

मग फॉरमॅट. ‘क्विक फॉरमॅट’ फक्त नोंद नव्याने मांडतं, खालचा मजकूर तसाच राहतो. म्हणूनच चुकून क्विक फॉरमॅट झालेल्या आणि त्यानंतर काही न लिहिलेल्या ड्राइव्हमधूनही फाइली परत मिळू शकतात, तेव्हा आशा सोडू नका. क्विकची खूण काढून केलेलं पूर्ण फॉरमॅट मात्र विस्टापासूनच्या विंडोजमध्ये सगळीकडे शून्य लिहितं, आणि त्यानंतर परतीची वाट नसते. दुरुस्तीसाठी पूर्ण फॉरमॅटच करा, म्हणजे खराब जागा लक्षात येतात. फॅट३२ वर ४ जीबी किंवा त्याहून मोठी एकच फाइल ठेवता येत नाही. लग्नाचे व्हिडिओ किंवा मोठ्या डिझाइनच्या फाइली असतील तर ‘एक्सफॅट’ निवडा. जुना टीव्ही, गाडीतला प्लेअर किंवा झेरॉक्स मशीनला लावायचा असेल तर फॅट३२ बरा.

विंडोजच्या ‘डिस्कपार्ट’ या साधनातली ‘क्लीन’ ही आज्ञा हट्टी ड्राइव्हवर लागू पडते, पण ती निवडलेल्या डिस्कचं पार्टिशन कुठलीही विचारणा न करता काढून टाकते. डिस्कचा क्रमांक चुकला तर कॉम्प्युटरमधलीच डिस्क रिकामी होते. क्षमता पाहून क्रमांक पक्का केल्याशिवाय ती आज्ञा देऊ नका, आणि शक्य असेल तर बाकीच्या बाहेरच्या डिस्क आधी काढून ठेवा.

एवढं करून ड्राइव्ह चालू लागला तरी त्याच्यावर महत्त्वाचं काही ठेवू नका. चिप एकदा चुका दाखवू लागली की पुढे त्या वाढत जातात. असा ड्राइव्ह फार तर गाणी ऐकायला ठेवा.

बिघाडासारखे दिसणारे दोन प्रकार

झेरॉक्सच्या दुकानातून आलेल्या ड्राइव्हमध्ये फोल्डरच्या जागी त्याच नावाचे शॉर्टकट दिसतात आणि लोक म्हणतात, डेटा उडाला. बहुतेक वेळा तो उडालेला नसतो. व्हायरसने खऱ्या फोल्डरांवर ‘लपलेले’ आणि ‘सिस्टिमचे’ अशा दोन्ही खुणा लावलेल्या असतात आणि शॉर्टकट दाबला की तो तुमच्या कॉम्प्युटरमध्ये शिरतो. म्हणून शॉर्टकट दाबू नका. आधी अँटिव्हायरसने स्कॅन करा; विंडोजमधला डिफेंडरही चालेल. मग फाइल एक्सप्लोररमध्ये लपलेल्या आणि संरक्षित सिस्टिम फाइली दाखवण्याचा पर्याय चालू करा. खरे फोल्डर दिसतील. ते कॉपी करून घ्या. छपाईसाठी दुकानात जाताना फक्त छापायची पीडीएफ असलेला वेगळा ड्राइव्ह न्यावा, हे उत्तम.

दुसरा प्रकार बनावट क्षमतेचा. अगदी किरकोळ किमतीत एक-दोन टीबीचा पेन ड्राइव्ह मिळत असेल तर आतली चिप छोटी असते आणि कंट्रोलर खोटी क्षमता सांगतो. चिप भरेपर्यंत सगळं ठीक चालतं. त्यानंतरच्या फाइलींची नावं दिसतात, पण त्या उघडत नाहीत. हे साहित्य कुठल्याही उपायाने परत येत नाही, कारण ते लिहिलंच गेलेलं नसतं. नवा ड्राइव्ह घेतला की विंडोजवर ‘एच२टेस्टडब्ल्यू’ किंवा लिनक्सवर ‘एफ३’ चालवा. हे प्रोग्रॅम ड्राइव्ह पूर्ण भरतात आणि लिहिलेलं पुन्हा वाचून ताडून पाहतात. वेळ लागतो, पण परताव्याची मुदत संपण्याआधी खरं कळतं.

स्वतः हात लावू नये अशी वेळ

ड्राइव्ह वाकला असेल, तोंड हलत असेल, तापत असेल किंवा कुठल्याच मशीनला दिसत नसेल, आणि आतल्या फाइली खरोखर गरजेच्या असतील, तर डेटा रिकव्हरीच्या प्रयोगशाळेत द्या. तुटलेला जोड कुशल हात पुन्हा डाग देऊन जोडतात. कंट्रोलर मेला असेल तर स्मृतीची चिप काढून थेट वाचण्याचीही पद्धत आहे, पण ती खर्चिक असते. देण्याआधी तपासणीचा खर्च किती, फाइली मिळाल्या नाहीत तर पैसे द्यावे लागतील का, हे लेखी घ्या. आधार, पॅन, बँकेची कागदपत्रं आत असतील तर तसं सांगा आणि काम झाल्यावर त्यांच्याकडच्या प्रती पुसल्याची खात्री करून घ्या.

खिशातून धुण्यात गेलेला ड्राइव्ह पाहायच्या घाईत लगेच लावू नका. त्याला नुसत्या पाण्याने होते त्यापेक्षा ओला असताना वीज मिळाल्याने अधिक हानी होते. टोपण काढून, हवेशीर जागी पूर्ण वाळू द्या आणि मगच लावा. लागला तर पहिलं काम कॉपीचं.

ही वेळच येऊ नये म्हणून

२००० सालाच्या सुमारास पेन ड्राइव्ह बाजारात येऊ लागले तेव्हा त्यांची क्षमता ८ एमबीच्या आसपास होती. फाइल एका मशीनवरून दुसऱ्यावर नेणं हेच त्यांचं काम होतं. आज क्षमता हजारो पटींनी वाढली, पण त्यांचं काम तेच आहे. ने-आण करायला पेन ड्राइव्ह उत्तम. एकमेव प्रत जपायला तो योग्य नाही.

छायाचित्रकार पीटर क्रोघ यांनी लोकप्रिय केलेला ३-२-१ नियम सगळ्यांनी पाळण्यासारखा आहे: ३ प्रती, २ वेगळ्या प्रकारच्या साधनांवर, त्यातली १ दुसऱ्या जागी. शाळेच्या किंवा मंडळाच्या कामात याचा सोपा अर्थ असा: एक प्रत कॉम्प्युटरवर, एक बाहेरच्या हार्ड डिस्कवर, एक गूगल ड्राइव्हसारख्या ठिकाणी. पेन ड्राइव्ह यात मोजायचाच नाही. तो हरवला, भिजला, बिघडला तरी काम अडणार नाही, अशीच व्यवस्था असावी.

बाकी सवयी छोट्या आहेत. ड्राइव्ह काढताना ‘इजेक्ट’ करा, दिवा लुकलुकत असताना हात लावू नका. फाइल ड्राइव्हवरूनच उघडून तासन्‌तास काम करू नका. आधी कॉम्प्युटरवर उतरवा, काम झाल्यावर परत टाका. डीटीपी सेंटरच्या मशीनला चालू स्थितीतला यूपीएस असू द्या. फोटोंची माहिती फक्त फाइलींच्या नावांत ठेवू नका. एक वेगळी यादी करा आणि तिची छापील प्रतही काढा. आमच्याकडे अशी यादी असती तर फोटोंतली माणसं ओळखण्यात गेलेले ते सगळे दिवस वाचले असते. आणि प्रती काढून स्वस्थ बसू नका, त्या मधूनमधून उघडून पाहा. ३१ मार्च हा जगभर बॅकअप दिन म्हणून पाळला जातो. आपल्याकडे त्याच दिवशी वर्षाचे हिशेब मिटतात, तेव्हा तो दिवस लक्षात राहायला सोपा आहे.

पण त्यासाठी मार्चची वाट पाहायचं कारण नाही. तुमच्या पेन ड्राइव्हवर अशी एखादी फाइल नक्की असेल, जी दुसरीकडे कुठेच नाही. आजीचा आवाज असेल, जमिनीच्या कागदांचे स्कॅन असतील, अर्धा लिहून झालेला प्रबंध असेल. तो ड्राइव्ह आज चालू आहे, म्हणून ती फाइल आज काही मिनिटांत आणि एक रुपयाही न खर्चता वाचवता येते. आजच तिची दुसरी प्रत करा.